तळाची ओळ

मित्रांनो, मी एक जुने, पायाने चालवायचे छपाईयंत्र आहे. अंगाने लोखंडी, पण मनाने भित्रे. कुणी हातात कागद घेऊन दारातून आत आले, की आजही माझा जीव टांगणीला लागतो. का, ते ऐका.

माझे मालक खिळेकाका. शिशाची अक्षरे, म्हणजे खिळे, एकेक करून जुळवायचे, म्हणून हे नाव. आम्ही साबणाची लेबले छापायचो. प्रत्येक लेबलाच्या तळाला छापखान्याचे नाव आणि पत्ता छापावा लागे. कायदाच तसा होता. काकांनी ती ओळ एकदाच जुळवली, सुतळीने बांधली आणि कोपऱ्यात ठेवली. काम तयार झाले, की त्यांचा हात न बघताच कोपऱ्यात जाई आणि ती ओळ तळाला बसे. एकवीस वर्षे असेच चालले होते.

दोन गल्ल्या पलीकडे कम्युनिस्टांचे 'भोंगा' हे साप्ताहिक निघे. गिरणी कामगारांनी एकेका दिवसाची मजुरी देऊन ते सुरू केले होते. काका दर आठवड्याला ते वाचत, पण कुणाजवळ बोलत नसत. पुढे सरकार बदलले. 'भोंगा'वर बंदी आली, मोठ्या यंत्राला सील ठोकले, संपादकांना पकडून नेले. आठवडा उलटला नाही तोच, तिथे अंकांच्या घड्या घालणारी ताई आमच्या दारात उभी!

"काका, एकच पान छापायचंय. छापाल?"

"आत ये आधी. दार लाव."

मी मनात म्हटले, झाले! आपण साबणवाले, आपल्याला ही आग कशाला? पण मला कोण विचारतो! शेजारी पत्र्याचे डबे ठोकणारा दुपारी ठोकाठोक सुरू करी. त्या आवाजात माझा आवाज लपवून ताई मला पायाने चालवी. रस्त्यात बूट वाजले, की माझे रूळ थरथरत. तळाची ओळ अर्थातच लावलेली नसे. दूधवाली मावशी दोनशे पाने रिकाम्या कॅनमध्ये घालून कामगारांच्या चाळींत पोहोचवी. असे सहा अंक निघाले.

सातव्या अंकात बातमी होती, संपादकांनी तुरुंगात अन्न सोडल्याची. ती जुळवताना काकांचे डोळे सारखे भरून येत होते. पान तयार झाले आणि त्यांचा हात न बघताच कोपऱ्यात गेला.

मला कळले, मित्रांनो! ती ओळ माझ्या ओळखीची होती. पण मला तोंड कुठे आहे? मी दोनशे वेळा आमचाच पत्ता छापला.

मावशी निघून गेल्यावर मला पुसताना ताईने ती ओळ पाहिली. तिच्या हातातले फडके गळून पडले.

"काका, हे काय केलंत?"

काकांनी वाकून ती ओळ वाचली. "माझ्या हातानं घात केला. मी जातो चौकीवर, सांगतो एकट्यानंच छापलं म्हणून."

"गप्प बसा! तुम्ही गेलात तर उद्या छापणार कोण?"

काकांनी सुतळी सोडली. एकवीस वर्षे एकत्र असलेली ती अक्षरे त्यांनी आपल्या हाताने एकेक करून खणांत टाकली. मग आम्ही वाट पाहू लागलो. पहिला दिवस गेला, दुसराही गेला. ताईला अन्न गोड लागेना. डबे ठोकणाऱ्याचा हात थांबला, की आम्हा तिघांचाही श्वास थांबे.

तिसऱ्या दिवशी पोलीस आले. साहेबाच्या हातात आमचाच अंक होता. ताई माझ्याशेजारी उभी होती.  साहेबाने पान वर धरले. त्याचा तळ बोटभर फाटलेला होता.

"याचं खालचं कुठं गेलं?" साहेब शिपायावर खेकसला.

"साहेब, चाळींत मिळाले ते सगळे असेच आहेत. एकाचाही काठ धड नाही."

साहेबाने माझ्यावरचे साबणाचे लेबल पाहिले, नाक मुरडले आणि तो पुढच्या छापखान्याकडे निघाला.

दुसऱ्या सकाळी मावशीने दुधाच्या कॅनमधून एक पुडके काढले. "चाळीतल्यांनी दिलंय. म्हणाले, पत्ता परत करा." आत कागदाच्या बारीक पट्ट्या होत्या. कुणी सांगितले नव्हते, तरी घराघरातून तोच काठ फाडला गेला होता. काकांनी पट्ट्या मोजल्या. एकशे नव्याण्णव.

उरलेली एक कधीच आली नाही. बंदी उठली, 'भोंगा' पुन्हा उजळ माथ्याने निघाला, तरी काका मरेपर्यंत दाराकडे बघत राहिले. मीही बघते.

आता मी एका वाचनालयात आहे. माझ्या सांध्यांत थेंबभर तेल घातलेत, तर बरे वाटेल. पण त्याहून एक मागणे मोठे आहे, मित्रांनो. कुणा घाबरलेल्या माणसाचा पत्ता तुमच्या हाती पडला, तर तो जपा. आणि ती दोनशेवी पट्टी तुमच्या घरातल्या एखाद्या जुन्या पुस्तकात सापडली, तर एवढे येऊन सांगा, की ती तुमच्याकडेच होती.