बोरपाण्याचा बहिरा फोन

"कोण बोलतंय ते मला कळत नाही, म्हणून सगळ्यांना एकदमच सांगते," रिसीव्हर तोंडाशी धरून कुंदाबाई म्हणाल्या. "डॉक्टरसाहेब असाल, तर धनुर्वाताची लस परवाच संपली. जिल्ह्याचे साहेब असाल, तर अहवाल टपालाने गेला आहे. वरणगाववाले असाल, तर माझी पाठ बरी आहे, आणि लोणच्याच्या बरणीला फडकं बांधा, मुंग्या लागतील. चुकून लागला असेल, तर ठेवा."

त्यांनी रिसीव्हर ठेवला. ओट्यावर लेकरं मांडीवर घेऊन बसलेल्या बाया तोंडाला पदर लावून हसल्या. कुंदाबाईही हसल्या. आत मात्र त्यांचं टाळकं तापलेलं होतं.

बोरपाणी हे सातपुड्याच्या पायथ्याचं गाव. तिथल्या आरोग्य उपकेंद्राच्या कुंदाबाई नर्स. माहेर एरंडोलचं, शिक्षण धुळ्याला, नवरा लीलाधर वरणगावच्या फॅक्टरीत. पंधरा वर्षं या दोन खोल्यांत त्यांनी बाळंतपणं केली, टोचण्या दिल्या, विंचू उतरवून घ्यायला गेलेल्या लोकांना मांत्रिकापासून ओढून आणलं. सहा वर्षं अर्ज केल्यावर एकोणनव्वद साली उपकेंद्राला फोन मिळाला. त्याला आकड्यांची तबकडी नव्हती. रिसीव्हर उचलला की तालुक्याच्या एक्स्चेंजमधला ऑपरेटर बोले आणि हवा तो नंबर जोडून देई.

वर्षभर तो नीट चालला. पुढच्या होळीच्या दुसऱ्या दिवशी त्याचा कान गेला. घंटी वाजे, कुंदाबाईंचा शब्द न् शब्द पलीकडे पोचे, पण पलीकडचा एक हुंकारही इकडे येत नसे. लीलाधररावांनी पत्रातून कळवलं, की तुझं सगळं ऐकू येतं, फक्त मला बोलू देत जा. त्यावर कुंदाबाईंनी उलट टपाली लिहिलं, की पंधरा वर्षं तुम्ही बोलत होतात तेव्हा तरी मला कुठे ऐकू येत होतं.

थट्टा वेगळी, पण तक्रार त्यांनी सोडली नाही. पहिल्या तक्रारीनंतर छगन लाइनमन सायकलीवर आला. त्याने खांबावर चढून स्वतःचा फोन तारेला लावला, ऑपरेटरशी मनसोक्त गप्पा मारल्या आणि खाली उतरून लाइन ठणठणीत असल्याचं सांगितलं. बिघाड फोनच्या आत आहे, हे त्याला मान्य होतं. पण आतलं काम दुसऱ्या माणसाचं, आणि तो माणूस बदली होऊन गेला होता. त्याच्या जागी कोणी आलं नव्हतं.

मग टपालाने उत्तरं येऊ लागली. 'तपासणीअंती दूरध्वनी चालू स्थितीत आढळला.' पहिलं उत्तर वाचून कुंदाबाईंना वाटलं, नजरचूक असेल. चौथ्या वेळी त्यांनी कागद तालुक्याच्या डॉक्टरांपुढे टाकला. डॉक्टर म्हणाले, सरकारी काम आहे, धीर धरा. कुंदाबाईंनी विचारलं, की बाईला कळा सुरू झाल्या म्हणजे मीही तिला हेच सांगू का? डॉक्टरांनी विषय बदलला.

पौष सरत आला होता. त्या दिवशी सकाळी बुधीबाई आपल्या सुनेला, रेशमाला घेऊन आली. दुसरं बाळंतपण होतं. दहाच्या सुमाराला मुलगी झाली, झाल्याबरोबर रडली. बुधीबाईने कानशिलावर बोटं मोडली. आणि मग रेशमाचं रक्त थांबेना.

कुंदाबाईंनी इंजेक्शन दिलं, पोट चोळलं, खाटेच्या पायाखाली विटा घातल्या. दहा मिनिटांत त्यांना कळलं, की हे आपल्या हातातलं काम नाही. रक्त द्यावं लागणार होतं आणि ते तालुक्याच्या दवाखान्यातच मिळणार होतं. त्यांनी रिसीव्हर उचलला.

"बोरपाणी उपकेंद्र. बाळंतीण आहे, रक्त थांबत नाही. दवाखान्याची जीप ताबडतोब पाठवा. वाट बघते."

जीपला पाऊण तास लागे. गाडीरस्त्यावर बैलगाडीचे धक्के बसले तर रक्त आणखी जाईल, म्हणून त्यांनी रेशमाला हलवलं नाही. मधे तीनदा घंटी वाजली. तिन्ही वेळा त्यांनी धावत जाऊन फोन उचलला आणि तेच सांगितलं, की लवकर या, बाई पांढरी पडत चालली आहे. पलीकडे कोणीतरी आहे, एवढं त्यांना घंटीवरून कळत होतं. काय म्हणतंय, ते कळत नव्हतं. जीप निघाल्याचंच सांगत असतील, असं त्यांनी मनाशी धरलं.

"बाई, जीप येई राह्यनी ना?" बुधीबाईने विचारलं.

"येतेय," कुंदाबाई म्हणाल्या.

पावणेबारा झाले तरी रस्त्यावर धुरळा दिसेना. तेव्हा त्यांनी रेशमाच्या नवऱ्याला, भुराला गाडी जुंपायला लावली. गाडीत गोधड्या टाकल्या. रेशमाला निजवलं आणि स्वतः तिचं डोकं मांडीवर घेऊन बसल्या. तीन किलोमीटरवरचा फाटा गाठेपर्यंत रेशमा दोनदाच बोलली. एकदा पाणी मागितलं, एकदा मुलीला कोणी घेतलंय ते विचारलं.

फाट्यावर झुलालचं चहाचं टपरं होतं. गाडी बघताच तो हातातली किटली ठेवून पुढे आला.

"बाई, तुमनाच साठे यष्टी थांबाडेल व्हती. अर्धा घंटा उभी व्हती. आत्तेच गयी."

कुंदाबाईंना अर्थ लागेना. त्यांनी कोणालाही एसटी थांबवायला सांगितलं नव्हतं. झुलालने सांगितलं, की साडेअकराच्या गाडीच्या कंडक्टरला डेपोतूनच निरोप होता, बोरपाण्याची बाळंतीण येतेय, थांबा. लोक कुरकुरायला लागले, कोणाची कोर्टाची तारीख होती, तरी कंडक्टरने बारा वाजून पाच मिनिटांपर्यंत गाडी धरली. आणि आता बारा वीस झाले होते.

केळी भरलेला एक ट्रक चोपड्याच्या बाजूने आला. ड्रायव्हरने काही न विचारता केबिन मोकळी केली. दवाखान्याच्या फाटकात ट्रक वळला, तेव्हा रेशमा गेलेली होती. कुंदाबाईंना ते दोन मैल आधीच कळलं होतं. पण बुधीबाई शेजारी नात घेऊन बसली होती, म्हणून त्या तसंच नाडीवर बोट ठेवून बसल्या होत्या.

चौथ्या दिवशी कुंदाबाई तालुक्याला एक्स्चेंजमध्ये गेल्या. "मी बोरपाण्याची नर्स," एवढं म्हटल्याबरोबर बोर्डापुढचा पस्तिशीचा ऑपरेटर कानावरचा हेडफोन काढून उभा राहिला. त्याचं नाव अभिमन. दहा महिने तो त्यांचा शब्द न् शब्द ऐकत होता, आणि त्यांच्या कानावर मात्र त्याचा एक शब्दही पडला नव्हता.

"बाई, मी ओरडत होतो," तो म्हणाला. "जीपचा गिअर गेलाय, येणार नाही. बाईला गाडीवर घाला, फाट्यावर आणा, मी एसटी थांबवतो. तीनदा फोन लावला. तुम्ही म्हणायच्या लवकर या, मी म्हणायचो येत नाही, आणि तुम्ही ठेवून द्यायच्या."

कुंदाबाई बाकावर बसल्या. अभिमनने पाणी आणून दिलं. मग खाली बघत त्याने आणखी एक गोष्ट कबूल केली. बोरपाण्याची लाइन लागली, की इथले सगळे बोर्डाभोवती जमत. लोणच्याची बरणी, वरणगाववाले, सगळं त्यांना पाठ होतं. बाई काय फर्मास बोलतात, म्हणून हसत.

"हसलात त्याचं काही नाही," कुंदाबाई म्हणाल्या. "हसावं म्हणूनच बोलायचे मी. रडणाऱ्याची कोण दखल घेतं? पण हसून झाल्यावर रिसीव्हरच्या कानातली एक चकती बदलायला तुम्हाला काय झालं होतं?"

अभिमनने त्यांना आतल्या साहेबांकडे नेलं. साहेब तरुण होते, अदबीने बोलले. त्यांनी तक्रारींची वही काढली. बोरपाण्याच्या चौदा तक्रारी होत्या आणि प्रत्येकीपुढे एकच शेरा होता, 'रिंग देऊन तपासले. ग्राहकाचा आवाज स्पष्ट. फोन चालू.'

कुंदाबाईंनी तो शेरा दोनदा वाचला. दर वेळी घंटी वाजली होती, दर वेळी त्या ओरडल्या होत्या, की मला ऐकू येत नाही. आणि दर वेळी इथे कोणीतरी लिहिलं होतं, आवाज स्पष्ट.

"म्हणजे मी बोंब मारली, ती चांगली ऐकू आली, म्हणून फोन चांगला," त्या म्हणाल्या.

साहेबांनी सांगितलं, की पद्धतच तशी आहे, शिवाय ते स्वतः दोन महिन्यांपूर्वीच इथे आले आहेत. नवा फोन आजच छगनबरोबर पाठवतो. कपाटातून त्यांनी तो काढलाही. वरची प्लॅस्टिकची पिशवीसुद्धा फाडलेली नव्हती.

"कधीपासून आहे हा इथे?"

"शिल्लक असतो एखादा," साहेब म्हणाले.

कुंदाबाईंनी फोनला हात लावला नाही. त्यांनी वही साहेबांकडे फिरवली. "आधी खरं काय ते लिहा. मग फोन पाठवा."

साहेबांनी पेन उघडलं. दहा महिने ग्राहकाला ऐकू येत नव्हतं, असं लिहिलं. कुंदाबाई हलल्या नाहीत. मग साहेबांनी पुढे लिहिलं, की त्यामुळे निरोप न कळून एक महिला रुग्ण दगावली.

"एक महिला नाही," कुंदाबाई म्हणाल्या. "नाव होतं तिला."

साहेब चाचरत म्हणाले, की असं नाव लिहायला वहीत रकाना नाही.

"मग समासात लिहा. रेशमा भुरा पावरा. वय बावीस."

अभिमन दारात उभा होता. बोर्डावर कुठलीतरी लाइन लागल्याचा आवाज येत होता, पण तो वळला नाही. साहेबांनी समासात, वरून खाली, बारीक अक्षरात नाव लिहिलं, वय लिहिलं, खाली सही केली आणि वही मिटायला घेतली.

कुंदाबाईंनी पानावर हात आडवा धरला. शाई अजून ओली होती. ती पूर्ण वाळेपर्यंत त्यांनी वही मिटू दिली नाही.