उसन्या खुर्च्या

“आई, हळू ना! सगळे बघतायत,” नुपूर कानाशी फिसकारली.

सुप्रभाने हसत्या तोंडावर हात दाबला. पण करणार काय? पडद्यावर शंभर वर्षांपूर्वीच्या पॅरिसमधला एक कारकून साहेबाला जेवायला बोलावून बसला होता. खुर्च्या शेजारपाजारच्या, उसन्या आणलेल्या. आणि आता शेजारीण कमरेवर हात ठेवून दारात उभी! ही बया साहेबाच्या बुडाखालची खुर्ची ओढून नेणार, हे कळायला फ्रेंच कशाला यायला हवं?

फ्रेंच नको, जपानी नको, म्हणून तर तिने टोकियोच्या फुनाबोरी भागातल्या या मूकपटाच्या खेळाची तिकिटं काढली होती. नवरा दिवसभर कावासाकीला ऑफिसात. मग डॉक्टरकडे, शाळेत, अगदी कुठला कचरा कुठल्या पिशवीत इथपर्यंत चौदा वर्षांची नुपूरच आईची दुभाषी. आज लेकीने काहीही समजावून सांगायचं नाही. दोघींनी नुसतं एकदम हसायचं. बेत एवढाच.

पण जपानात मूकपटही मुका नसतो, हे तिला कुठे ठाऊक होतं? पडद्याच्या कडेला बेन्शी, म्हणजे मूकपटाचा निवेदक, बसला होता. सगळ्या पात्रांचं तोच बोलायचा आणि गप्प म्हणून बसायचा नाही. लोक हसत ते त्याच्या बोलण्यावर. शेजारणीने खुर्ची ओढली, सूपच्या वाडग्यासकट साहेब खाली बसला, बेन्शीने काहीतरी टोला हाणला आणि हॉल खदखदला. नुपूर तर डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसली. सुप्रभाचं हसून केव्हाच झालं होतं.

“काय म्हणाला गं?”

“नंतर सांगते.”

घरी जाताना सुप्रभाने आठवण करून दिली.

“बेत्सु-नी,” नुपूर म्हणाली. विशेष काही नाही. मग म्हणाली, “मराठीत नाही येत मला ते.”

“अगं, पण मला आधीच दिसलं होतं, ती दारात आली तेव्हाच...”

“तेच ना! तू सगळ्यांच्या आधी हसतेस.”

पुढच्या महिन्यात पुन्हा खेळ होता. नुपूरला शाळेत क्लब होता. निदान ती तसं म्हणाली. सुप्रभा एकटीच गेली. शेवटच्या रांगेत बसली, पर्स शेजारच्या खुर्चीवर ठेवली.

तोच कारकून, तोच साहेब. शेजारीण दारात आली. सुप्रभाच्या पोटातून हसू उसळून आलं. तिने रुमाल दातांत धरला आणि पडदा सोडून बेन्शीकडे बघत राहिली.

तो बोलला. हॉल हसला.

मग तीही हसली. अगदी वेळेवर.