मासुझोचं ताट

तोमे रोज एक ताट जास्तीचं वाढायची. भात, मुळ्याचं लोणचं, झाकण घातलेला वाडगा. ते दिराचं. मासुझो हवाई बेटावर उसाच्या मळ्यात राबत होता. वसंतात बोटीनं सान फ्रान्सिस्कोला, थोरल्या भावाकडे, तोकुजीकडे यायचा होता. परमुलखातल्या माणसाचं ताट घरी वाढलं, की तो उपाशी राहत नाही. गावाकडची जपानी रीत.

*

शाळेनं तोमेच्या लेकीला, शिगेला काढलं. तुम्हा पिवळ्या पोरांची शाळा वेगळी, भूकंपाच्या आगीत जळालेल्या शहरापलीकडे.

तोकुजी जोडे शिवत होता. आरी अंगठ्यात घुसली.

"भूकंप झाला तेव्हा आपल्या देशाची मदत गिळली यांनी. तेव्हा नाही विटाळ झाला!"

*

(इथे सगळा हिवाळा. शिगे घरात. शाळेवरून दोन देशांची सरकारं बोलत होती. चवथं ताट रोज वाढलं जात होतं.)

*

वकिलातीतले ओत्सुकासाहेब आले ते हसतच.

"तोकुजी, जिंकलो! सोमवारपासून पोरगी जुन्या शाळेत."

तोमेनं बाहीनं डोळे पुसले. शिगे पाटी शोधायला धावली.

"आणि बदल्यात?" तोकुजी म्हणाला.

"बदल्यात... हवाईतल्या मजुरांना आता इथे उतरता येणार नाही. मोठ्या देशांत देवाणघेवाण चालायचीच. अब्रू राहिली ना?"

"कुणाची? माझ्याच पोरीचा बाक मला परत दिला, आणि त्यासाठी माझा भाऊ घेतला! चोराकडून आपलेच जोडे विकत घ्यायचे, वर त्याला हारतुरे!"

"पोरीसमोर नको हो," म्हणत साहेब मासुझोच्या ताटासमोर बसले. वाडग्याचं झाकण उचललं.

तोमे दचकली. पण पाहुण्याला ताटावरून उठवत नाहीत. तीही रीतच.

"जेवा, साहेब," तोकुजी म्हणाला. "भावाचं ताट आहे. तुम्हीच त्याला थांबवलंत, आता तुम्हीच संपवा. एक शीत टाकायचं नाही."

साहेबांच्या जेवायच्या काड्या भातात रुतून राहिल्या. तोकुजी समोरून हलला नाही. साहेब जेवले. सगळं.

*

सोमवारी शिगे दारात अडून बसली. "मी नाही जाणार. काकाला आणा आधी."

"जायचं!" तोकुजी इतक्या जोरात ओरडला की शेजारची खिडकी उघडली. मग त्यानं खाली बसून तिच्या बुटाची नाडी आवळली, फारच घट्ट.

"रोज जायचं. पहिल्या बाकावर बसायचं. कुणी ऊठ म्हणालं, तर सांगायचं, हा बाक माझा काका देऊन घेतलाय."