मुक्या जुळ्याचा आवाज

मित्रांनो, मी एक म्हातारा अकॉर्डियन. अख्ख्या हॅम्बुर्गात मला ऐकलं नाही असं घर सापडणार नाही, आणि एका शनिवारपर्यंत मला पाहिलंय असंही सापडलं नसतं.

ब्रेमरहाफेन बंदरातल्या एका गुत्त्यात काल्वाइट म्हातारबांनी मला उमेदीच्या वयात वाजवलं आणि मग आपल्या मुलीच्या, ऑर्ट्रुडच्या, गळ्यात घातलं. ती हॅम्बुर्गला टेलिव्हिजनमध्ये नोकरीला लागली. तिथल्या एका मालिकेत हिनर्क ब्रोमर नावाचा देखणा नट गाणारा कप्तान व्हायचा. त्याच्या छातीवर माझा जुळा भाऊ असे, मोत्यासारखा पांढरा आणि आतून रिकामा. कप्तानाचे खांदे दुखू नयेत म्हणून त्याचे सूर काढून टाकले होते. सूर आमचे, आधीच फितीवर भरून ठेवलेले. चित्रीकरणात ऑर्ट्रुड कॅमेऱ्याशेजारी उभी राहून माझा भाता नुसता उघडमीट करायची, आणि तिचं बघून ब्रोमर आपला हलवायचा. माझं हवेचं बटण दाबून धरलं की मी श्वास घेतो, पण बोलत नाही. नोकरीत टिकण्याची हीच रीत आहे, हे मला पुढे कळलं.

शेवटी पडद्यावर नावं यायची. कप्तानाच्या कुत्र्याचंही यायचं. आमचं नाही.

"रविवारी पेटी परत आणून दे," एकदा म्हातारबा फोनवर म्हणाले. "तुझा कप्तान वाजवतो की चांगलं. तुला कशाला हवी?"

"बाबा, ते वाजवणं माझं असतं."

"आणि मी चीनचा बादशहा. गुत्त्यात निदान दारुड्यांना तरी पेटी दिसायची."

पेटी बापाची. ऑर्ट्रुडने रविवारची गाडी बघून ठेवली. माझ्या नशिबी पुन्हा गुत्त्यातली ओल आली.

त्या रविवारच्या आदल्या दिवशी, शनिवारी, मालिकेचा कार्यक्रम थेट दाखवत होते. सभागृह भरलेलं, ब्रोमर स्वतः गात होता, आम्ही फितीवर. दुसऱ्या कडव्यात फीत अडकली. ब्रोमर भाता ओढत राहिला. जुळ्याने फक्त उसासा टाकला.

ऑर्ट्रुडने बटणावरचं बोट उचललं.

मित्रांनो, त्या दिवशी मी जे बोललो ते कित्येक वर्षांचं तुंबलेलं होतं. कुणीतरी लांब दांडीवरचा माईक आमच्याकडे वळवला. ब्रोमर नट असला तरी माणूस बरा. गाता गाताच त्याने जुळ्याला उतरवून रंगमंचावरच्या पिंपावर ठेवलं आणि तो ऑर्ट्रुडपाशी येऊन उभा राहिला. कप्तान जाईल तिकडे कॅमेरे जातात. अख्खा देश आम्हाला बघत होता, ऑर्ट्रुडच्या घरच्या सपातांसकट.

"मंडळी," गाणं संपल्यावर ब्रोमर म्हणाला, "मी आजवर नुसता वारा घालत होतो. वाजवायच्या या, ऑर्ट्रुड काल्वाइटबाई."

टाळ्या थांबेनात. बातम्या उशिरा सुरू झाल्या. जर्मनीत ही लहान गोष्ट नव्हे.

मग फोन वाजला.

"डावा खांदा अजून पाडतेस," म्हातारबा म्हणाले.

"हो, बाबा."

"लहानपणापासून सांगतोय." घसा खाकरून झाला. "रविवारी ये. पेटी आण. वाजवून दाखव, आणि जाताना आठवणीने घेऊन जा. मला अडगळ नकोय."

आज जुळा संग्रहालयात आहे, काचेच्या कपाटात, दिव्याखाली. मी ऑर्ट्रुडच्या मांडीवर आहे. माझ्या भात्याला ठिगळ आहे आणि तिच्या गुडघ्यात खिळा, पण रविवारी गल्ली आम्हाला खिडक्या उघडून ऐकते.

तर मित्रांनो, तुमच्या घरी एखादं जुनं वाद्य असेल तर त्याला ओलीपासून जपा, उन्हापासून जपा, आणि काचेपासून तर फारच जपा. आणि सिनेमा संपून नावं यायला लागली की लगेच उठू नका. कुणाचा तरी बाप त्यातलं एक नाव वाचायला चष्मा पुसून बसलेला असतो.