आजोबांचे पाय

बाळांनो, जरा खुर्चीत बसा. दोन्ही तळहात मांड्यांवर ठेवा आणि कशाचाही आधार न घेता सावकाश उठा. हाताखाली काय झालं? मऊ मांडी एकदम टणक झाली ना? आता कल्पना करा, की तुम्ही उठायला गेलात आणि मांडी मऊच राहिली. तुम्ही मनात म्हणताय, "ऊठ!" आणि पाय म्हणतोय, "कोण, मी?"

आमच्या गोष्टीतल्या आजोबांचं अगदी असंच झालं होतं.

आजोबा रंगारी. सगळा जन्म शिडीवर गेला. भल्या उंच भिंती रंगवल्या, कधी पाय घसरला नाही. आणि पडले कुठे, तर घरच्या न्हाणीघरात. खुबा मोडला. डॉक्टरांनी हाड जोडलं, ते नीट जुळूनही आलं, पण आजोबा खुर्चीत बसले ते बसलेच. सकाळी डोळे उघडायचे तेच थकलेले. रात्रभर झोपूनसुद्धा अंग असं जड, जणू कुणाचं तरी ओझं उचलून आणलंय.

त्यांच्या दिमतीला होती नात. एका जागी टिकायची नाही म्हणून घरात तिला फिरकी म्हणत. आजोबांनी नुसती मान वळवली, की ही हजर.

"चष्मा ना? उठू नका, मी आणते!"

"अगं, पंखा..."

"उठू नका म्हटलं ना!"

आजोबांना आधी संकोच वाटायचा, मग बरं वाटायला लागलं, आणि मग सवयच झाली. पाहुण्यांना ते कौतुकाने सांगत, "हे माझे पाय बरं का. नवे कोरे." फिरकी ऐटीत दोन उड्या मारून दाखवायची.

एके दुपारी डॉक्टरांनी पाठवलेल्या, व्यायाम शिकवणाऱ्या बाई आल्या. त्यांनी आजोबांच्या मांडीवर हात ठेवला आणि काहीतरी शोधत असल्यासारखं चाचपलं.

"मांडी चोरीला गेली का हो?" आजोबांनी विचारलं. "आणि जरा खाली बघा. पायाच्या पोटाला पोटरी म्हणतात ना? माझं वरचं पोट भरलेलं, खालचं उपाशी."

फिरकी खुदकन हसली. बाईही हसल्या आणि फिरकीला म्हणाल्या, "इकडे येऊन बस. हात ठेव तुझ्या मांडीवर. आता गुडघा सरळ कर. काय झालं?"

"कडक झाली!"

"हा पुढचा स्नायू. तो गुडघ्याच्या वाटीला वर ओढतो, म्हणून पाय सरळ होतो. मागचा ओढतो, तेव्हा गुडघा वाकतो. स्नायूला ढकलता येत नाही, फक्त ओढता येतं. म्हणून पुढे एक, मागे एक अशी जोडी लागते. उठताना मांडीचे पुढचे आणि बसायच्या जागेचे, हे सगळे मिळून अख्ख्या माणसाला वर घेतात. पोटरी आपल्याला पुढे तोंडावर पडू देत नाही. म्हणून उठताना पावलं मागे घ्यायची आणि नाक पुढे न्यायचं."

"मग आजोबांचे कुठे गेले?"

"कुठे नाही गेले. काम मिळालं नाही की ते बारीक होत जातात. काम दिलं की हळूहळू भरतात. म्हातारपणी जरा जास्तच हळू. घरातली आजोबांची कामं कोण करतं?"

"मी!" फिरकी ताठ उभी राहिली. "मीच आजोबांचे पाय आहे."

बाईंनी तिच्याकडे पाहिलं. आवाज मऊच होता त्यांचा.

"मग आजोबांचे पाय काय करतात गं?"

फिरकीने आजोबांच्या बारीक झालेल्या पायांकडे पाहिलं.

त्या संध्याकाळी आई कामावरून आली आणि पर्स खांद्याला तशीच ठेवून आजोबांसमोर बसली.

"बाबा, दादाचा फोन होता. रविवारी तुम्हाला न्यायला येतोय. त्याचं घर तळमजल्यावर आहे, वहिनीही दिवसभर घरात असते. इथे दोन जिने, मी दिवसभर बाहेर. मला नाही हो झेपत."

"जातो," आजोबा म्हणाले. त्यांना इथून हलायचं नव्हतं. खिडकीतला उजेड, समोरची त्यांनीच रंगवलेली भिंत, ही बडबडी पोर, सगळं सोडवत नव्हतं. पण नाही म्हणायलाही ताकद लागते. "मला काय, इथली खुर्ची आणि तिथली खुर्ची."

आई डोळे पुसत आत गेली. फिरकी दाराशी उभी राहून सगळं ऐकत होती.

थोड्या वेळाने आजोबा म्हणाले, "पाणी दे गं."

फिरकीने पेला भरून आणला. खुर्चीपाशी आली, थांबली, मागे फिरली आणि तो खिडकीजवळच्या टेबलावर ठेवला. कोपऱ्यात पडून असलेला, चालताना धरायचा वॉकर ओढून आजोबांच्या पुढ्यात लावला. मग स्टुलावर बसून स्वतःचे हात मांड्यांखाली दाबून धरले.

"अगं, इकडे दे. तू माझे पाय ना?"

"पायांना आज सुट्टी आहे."

"थट्टा पुरे. घसा सुकलाय माझा."

फिरकीचे डोळे भरले, पण ती हलली नाही. आजोबांना राग आला. रागाच्या भरात त्यांनी खुर्चीचे हात धरले आणि जोर केला. अर्धवट उठले, धपकन खाली आले. छाती भात्यासारखी हलू लागली. नको ते पाणी, असं त्यांना वाटलं.

"पावलं मागे घ्या," फिरकी पुटपुटली. "आणि नाक पुढे. बाईंनी सांगितलंय."

आजोबांनी पावलं मागे घेतली. नाक पुढे नेलं. मांड्या थरथरल्या, शिडीच्या वरच्या पायरीवर पहिल्या दिवशी थरथरल्या होत्या तशा. मग कुठेतरी आत काहीतरी ओढलं गेलं. खुर्ची खाली राहिली, आजोबा वर आले.

वॉकर सरकवत, दम खात ते टेबलापर्यंत गेले. पाणी सांडलं, पण प्यायले.

आई दारात आली आणि तिथेच थबकली.

"दादाला सांग," आजोबा धापा टाकत म्हणाले, "रविवारी नुसता भेटायला ये म्हणावं. दार मी उघडेन." मग ते जवळच्या पलंगावर टेकले आणि रिकामा पेला पुढे करून म्हणाले, "आणखी थोडं हवंय गं."

फिरकीने पेला घेतला, भरला आणि पलीकडच्या भिंतीशी, खोलीतल्या सगळ्यात लांबच्या कपाटावर नेऊन ठेवला.