बाहेरची खोली

महिन्यातले तीन दिवस श्रीलताचा अभ्यास व्हायचा. एरवी पुस्तक उघडलं की कुणीतरी हाक मारायचंच. त्या तीन दिवसांत मात्र ती सुपारी वाळवायच्या अंगणापलीकडच्या खोलीत बसायची. तिने कशाला शिवायचं नाही, म्हणून तिला काही सांगायचीही सोय नव्हती. सासू ताट दारात सरकवून जायची.

या वर्षी शिक्षकभरतीची परीक्षा होती. पुढच्या वर्षी ती वयाच्या अटीत बसणार नव्हती. दोन महिने ती चौथा दिवसही बाहेर काढत होती.

"तुझं हल्ली लांबतंय गं," सासू म्हणाली.

"डॉक्टरला दाखवू का, अत्ते?"

"कशाला? परीक्षा झाली की आपोआप बरं होईल."

श्रीलताने मान खाली घातली. सासू हसली आणि तिने ताटात आणखी एक दोसा टाकला.

परीक्षेच्या आठवड्यात पाळी आली. मोठे दोन धडे तिने याच दिवसांसाठी ठेवले होते. त्याच दिवशी तिचा नवरा, सुब्राय हेगडे, शिरसीत महिला मेळाव्यात बोलला. आपल्या घरात आजपासून बाई बाहेर बसणार नाही, असं त्याने जाहीर केलं. टाळ्या पडल्या. संध्याकाळी त्याने तिची चटई स्वतः उचलून घरात आणली. सोबत आलेल्यांनी फोटो काढले.

"रविवारी परीक्षा आहे," ती हळूच म्हणाली. "तोवर राहू द्या मला तिथे."

"वेडी आहेस का? आता तू बाहेर दिसलीस तर मी तोंड कुठे दाखवू?"

"मग घरात बसून वाचते."

"वाच की! नको कोण म्हणतंय? आधी चहा टाक, मंडळी खोळंबलीयत."

मंडळी दुसऱ्या दिवशीही आली, तिसऱ्याही. कौतुक करून, जेवून गेली.

"बसू दे रे तिला बाहेर. मी करते सगळं," सासू म्हणाली.

"अम्मा, तू काही सुधारायची नाहीस!" सुब्राय पाहुण्यांकडे बघून हसला. पाहुणेही हसले.

रविवारी पेपरात त्या दोन धड्यांवरचे प्रश्न भरपूर होते.

"कसा गेला?" सासूने चुलीपाशी विचारलं.

"नाही जमलं, अत्ते."

सासूने चुलीतलं लाकूड पुढे सारलं. मग म्हणाली, "मी त्या खोलीत नुसती झोपा काढायचे. तू तरी काही करत होतीस."

बाहेरून सुब्रायची हाक आली. सिद्धापूरला भाषणाचं बोलावणं होतं. दोघींनी पहिल्या रांगेत बसायचं होतं.

"आणि माझा पांढरा शर्ट धुऊन टाक गं, आजच!"

श्रीलता उठली.