न दिलेली झील

महादेवीनं तुणतुण्याची खुंटी अशी पिळली, जणू कुणाचा कानच पिळते आहे. पडद्याआड तिचा नवरा, शाहीर शिवमूर्ती, निवांत डफ पुसत होता.

बाहेर अडत व्यापारी अण्णारावांच्या पंचाहत्तरीसाठी लातूरचं सभागृह गच्च भरलं होतं. हेच ते अण्णाराव! तीस वर्षांपूर्वी औशात ती दोघं नवरा-बायको हमालांच्या संपात गात होती, तेव्हा यांच्याच माणसांनी महादेवीचं मनगट मोडलं. ते अजून सरळ होत नाही. आणि तिचा म्हातारा आज त्यांचाच पोवाडा गायला निघाला! एका विचारापायी चाळीस वर्षं अर्धपोटी काढली, ती सगळी मातीत घातली त्यानं. आठ दिवस तिनं अबोला धरला होता.

"झिलीला पुतण्याला घ्या," ती आज पहिल्यांदा बोलली.

"न्हाई. झील तूच द्यायची."

देते की, ती मनात म्हणाली. चांगली देते.

कडव्याचा शेवटचा शब्द मागच्यानं उचलून धरायचा, ती झील. तेवढ्यात शिवमूर्ती श्वास घ्यायचा. सत्तरीनंतर त्याचं गाणं तिच्या झिलीवरच तगून होतं.

पहिलं कडवं अण्णारावांच्या नावावर संपलं. महादेवीनं ओठ घट्ट मिटले. पड मेल्या तोंडघशी, चारचौघांत पड.

शिवमूर्तीनं तेच कडवं पुन्हा म्हटलं. पुन्हा नाव आलं आणि मागं सामसूम. तिसऱ्या खेपेला त्याचा आवाज फाटला. मागच्या रांगेत कुणीतरी फिसकन हसलं, मग ते हसू सगळीकडं पसरलं. अण्णारावांनी गळ्यातला हार काढून बाजूला ठेवला.

शिवमूर्ती धापा टाकत माईकपाशी गेला.

"साहेब, आमच्या फडाची रीत हाय. ज्या नावाला झील न्हाई, त्याचं गाणं आमी पुढं नेत न्हाई. राम राम."

पडद्याआड येताच तो भिंतीला टेकला. महादेवी तुणतुणं घेऊन मागोमाग आली.

"म्हंजी हे ठरवून? मग मला सांगाया काय धाड भरली होती?"

"तुला नाटक जमत न्हाई."

तिनं त्याला खाली बसवलं. छाती भात्यासारखी चालली होती. हा माणूस हातचा जाईल, या भीतीनं तिला आणखीच राग आला.

"मग एकदा म्हणून थांबायचं की. तीनदा कशाला?"

"एकदा म्हणलं असतं," तो म्हणाला, "तर लोक म्हणले असते, म्हातारी विसरली."